फ्रेंच गुन्हेपटांतली कामाची माणसं

प्रश्न थोडक्यात असा आहे: "मनमाडजवळ टँकरमधून डिझेल काढून विकणाऱ्या पोरांवर पटकथा लिहितो आहे. सोबत दोन दृश्यं जोडली आहेत. जो तो म्हणतो, आधी फ्रेंच गुन्हेपट बघ. कुठले बघू आणि कोणत्या क्रमाने? त्यांतली कडेला पडलेली माणसं बिचारीही वाटत नाहीत आणि हिरोही वाटत नाहीत, हे त्यांना कसं जमतं? आणि मी स्वतः त्या वस्तीतला नाही, तर हे लिहायचा मला हक्क आहे का?"

एक नाव तूर्त यादीतून काढून ठेवा: झाँ-पिएर मेल्विल. 'ल सामुराई' (१९६७) बघायला तुम्हाला कुणीतरी सांगितलंच असेल. चित्रपट देखणा आहे, वादच नाही. पण त्यातला मारेकरी म्हणजे हॅट, रेनकोट आणि मौन. सुरुवातीला बुशिदोमधलं, म्हणजे जपानी सामुराईंच्या आचारसंहितेतलं, म्हणून जे वचन पडद्यावर येतं तेसुद्धा मेल्विल यांनी स्वतःच रचलेलं. म्हणजे गडी पहिल्या फ्रेमपासून दंतकथा सांगतो आहे. आपल्याकडचे नवे दिग्दर्शक हा चित्रपट बघून उठतात, आणि पुढे आमच्या संकलनाच्या टाइमलाइनवर खिडकीबाहेर बघत सिगारेट ओढणाऱ्या माणसांचे लांबच लांब शॉट येऊन पडतात. मेल्विल जेवणानंतरच्या मिठाईसारखे शेवटी घ्या. तुमच्या पोरांना इतकं गूढ राहणं परवडणारं नाही.

मी संकलक आहे. चेहऱ्याआधी मला हात दिसतात, कारण कट जुळवायचा असतो तो बहुतेक वेळा हाताच्या हालचालीवर. फ्रेंच गुन्हेपटांच्या ज्या परंपरेबद्दल तुम्ही विचारता आहात तिचं मर्म मला असंच, हातांकडे बघता बघता सापडलं: हे लोक गुन्हा हे काम म्हणून दाखवतात. त्याला हत्यारं लागतात, सराव लागतो, वेळ लागतो. अंग दुखतं, कुणीतरी वर बसून हिस्सा घेतो, आणि हाती येणारी रक्कम त्या श्रमाच्या मानाने बहुधा फालतू असते. काम करणाऱ्या माणसाची कीव करायला सवड मिळत नाही आणि त्याची आरतीही ओवाळता येत नाही. काम नीट होतंय की नाही, एवढंच आपण बघत बसतो. तुमच्या दोन दृश्यांत पोरं आयुष्याबद्दल बरंच बोलतात. डिझेल मात्र कुणीच काढत नाही.

म्हणून सुरुवात झाक बेकेर यांच्या 'ल त्रू' (१९६०) या चित्रपटापासून करा. पॅरिसच्या ला साँते तुरुंगातून १९४७ साली पळून जायचा जो खरा प्रयत्न झाला, त्याची ही गोष्ट. त्या प्रयत्नात सामील असलेल्या जोझे जोव्हानीने पुढे कादंबरी लिहिली, तिच्यावर हा चित्रपट बेतला आहे. एका कोठडीत चार कैदी, त्यात पाचवा आणून टाकलेला. बेकेर यांनी नावाजलेले नट घेतलेच नाहीत. पाचांतला एक, झाँ केरोदी, हा तर मूळ पळून जाणाऱ्यांपैकीच होता. चित्रपटाच्या सुरुवातीला तो गाडी दुरुस्त करता करता मान वर करतो आणि ही माझीच गोष्ट आहे असं सरळ कॅमेऱ्याला सांगतो. मग आत गेल्यावर कुलूप, पाना, गजाची करवत त्याच्या हातात ज्या सहजतेने बसते, ती कुठल्याही नटाला शिकवून आली नसती.

त्यातला जमीन फोडण्याचा शॉट मी विद्यार्थ्यांना नेहमी दाखवतो. खाटेचा काढलेला लोखंडी तुकडा आणि काँक्रीटची जमीन. आळीपाळीने हाणतात. कॅमेरा खाली, त्या जागेवर खिळलेला. जवळपास चार मिनिटं कट नाही. आधी नुसते ओरखडे, मग चुरा, मग कपचा, मग खड्डा. नट खरोखरच फोडताहेत. दुसऱ्या मिनिटाला वर्गात चुळबुळ सुरू होते, तिसऱ्या मिनिटाला सगळे पुढे सरकून बसतात. आवाज बाहेर जाईल ही भीती संवादातून सांगावीच लागत नाही, कारण तो आवाज आपण स्वतःच सहन करत असतो. मी कापायला बसलो असतो तर निर्मात्याने मला तो शॉट वीस सेकंदांचा करायला लावला असता, आणि चित्रपट तिथेच मेला असता. पार्श्वसंगीत नाहीच. टूथब्रशला आरशाचा तुकडा बांधून केलेला पेरिस्कोप दाराच्या भोकातून बाहेर काढायचा आणि पहारेकरी येतोय का बघायचं. औषधाच्या दोन बाटल्या आणि वाळू यांचं घड्याळ करायचं, कारण भुयारात गेलेल्याला वेळ कळत नाही.

आणखी एक बारकावा सहज नजरेतून सुटतो. या कैद्यांना कोठडीत पुठ्ठ्याची खोकी बनवायचं काम दिलेलं असतं. सरकारी काम. त्याच पुठ्ठ्यांच्या ढिगाखाली त्यांचं स्वतःचं काम लपतं. दिवसा तुरुंगासाठी राबायचं, रात्री स्वतःसाठी. घरून आलेले खाण्याचे जिन्नस तपासणारा शिपाई एकाच सुरीने सगळं कापत जातो, तेही असंच: तो क्रूर नाही, नोकरी करतो आहे. बेकेर चित्रीकरण पूर्ण करून प्रदर्शनाआधीच, फेब्रुवारी १९६० मध्ये वारले.

याच घराण्यातला 'रिफिफी' (१९५५). दिग्दर्शक ज्यूल्स डॅसिन अमेरिकी. हॉलिवुडमधल्या कम्युनिस्टविरोधी काळ्या यादीमुळे काम बंद झालं म्हणून युरोपात आलेले. दागिन्यांच्या दुकानावरचा दरोडा साधारण अर्धा तास चालतो, एकही संवाद नाही, एकही सूर नाही. वरच्या मजल्यावरून छताला भोक पाडायचं, त्यातून मिटलेली छत्री खाली सोडून उघडायची, म्हणजे पडणारा चुना तिच्यात जमेल. धोक्याच्या घंटेचा आवाज कसा मारायचा याची आधी तसलीच घंटा आणून तालीम करायची. संगीतकार जॉर्ज ओरिक यांनी या दृश्यासाठी संगीत लिहून ठेवलं होतं. डॅसिन यांनी त्यांना दृश्य संगीतासह आणि संगीताविना दोन्ही प्रकारे दाखवलं, आणि ओरिक यांनीच संगीत काढून टाका असं सांगितलं. इतका समजूतदार संगीतकार माझ्या वाट्याला अजून यायचा आहे. चित्रपटाचा बाकीचा भाग, विशेषतः बायकांना दिली जाणारी वागणूक, आज बघवत नाही. तो अर्धा तास मात्र चुकवू नका.

रोबेर ब्रेसाँ यांचा 'पिकपॉकेट' (१९५९) तिसरा. कासागी नावाचा हातचलाखीचा खरा उस्ताद त्यांनी सल्लागार म्हणून घेतला आणि पडद्यावरही आणला. गार द लियाँ स्थानकावर तिघे मिळून पाकिटं मारतात तो भाग नृत्यासारखा भासतो, पण नीट बघितलंत तर ती कारखान्यातल्या रांगेसारखी विभागणी आहे: एक काढणार, दुसरा फिरवणार, तिसरा घेऊन पसार. आपल्या लोकलमध्येही हेच चालतं असं पोलीस सांगतील. तोंडातले संवाद सपाट, चेहरे कोरे. ज्यांना ब्रेसाँ झेपत नाहीत त्यांनी फक्त हात बघावेत.

इथवरचे चित्रपट गोऱ्या फ्रेंच गुन्हेगारांचे. त्यानंतर शहराच्या कडेला दुसरंच काहीतरी उभं राहत होतं, आणि ते कळल्याशिवाय पुढचे चित्रपट नुसती दंगल वाटतील. दुसऱ्या महायुद्धानंतर फ्रान्समध्ये घरांची भयानक टंचाई होती. अल्जीरिया, मोरोक्को, पोर्तुगालहून आलेले मजूर पॅरिसबाहेर नाँतेरसारख्या ठिकाणी पत्र्याच्या झोपड्यांत, चिखलात राहत. पन्नासच्या दशकाच्या मध्यापासून सरकारने शहरांबाहेर प्रचंड गृहसंकुलं बांधायचा सपाटा लावला. आत नळ, न्हाणीघर, हीटर. पहिल्या रहिवाशांना तो स्वर्गच वाटला. ही घरं होती कारखान्यांच्या कामगारांसाठी. १९७३ च्या तेलसंकटानंतर कारखाने माणसं कमी करू लागले. ज्यांना जमलं ते बाहेर पडले. ज्यांची कातडी आणि आडनाव आड आलं ते तिथेच राहिले. काम गेलं, इमारती उरल्या.

मातिए कासोवित्झ यांचा 'ला एन' (१९९५; आपल्याकडे बरेच जण 'ला हेन' म्हणतात) शाँतलू-ले-व्हीन्य इथे चित्रित झाला. ही वसाहत सत्तरच्या दशकातली, तिथले कित्येक रहिवासी पोआसीच्या मोटार कारखान्यात राबणारे. चित्रपटात त्या कारखान्याचं नावही निघत नाही. पण विन्झ, उबेर आणि सईद या तिघांकडे दिवसभर करण्यासारखं काहीच नाही, आणि चित्रपटाचा विषय नेमका तोच आहे. मी वर म्हटलं की फ्रेंच गुन्हेपट म्हणजे काम. 'ला एन' त्याच नाण्याची दुसरी बाजू. पडद्यावर वेळ उमटत राहते, सकाळी १०:३८ पासून दुसऱ्या दिवशी पहाटे ०६:०१ पर्यंत. एरवी घड्याळाचे असे आकडे बाँब फुटायच्या किंवा दरोडा पडायच्या चित्रपटात दिसतात. इथे आकडा पडतो आणि पोरं गच्चीवर उभी आहेत. पुन्हा आकडा पडतो, पोरं बाकावर बसली आहेत, एक बारका पोरगा टीव्हीवर पाहिलेली लांबलचक गोष्ट सांगतो आणि तिला शेवटच नाही. रिकामा वेळ हा पटकथेतला कच्चा माल आहे हे मला या चित्रपटाने शिकवलं.

उबेरने खटपट करून उभी केलेली बॉक्सिंगची व्यायामशाळा दंगलीत जळून गेलेली असते. वस्तीतली जी एकमेव कामाची जागा, ती वस्तीच्याच रागात खाक. तो थोडा चरस विकतो आणि घरी आईच्या हातावर पैसे ठेवतो. आई बहिणीच्या पुस्तकाचं सांगते. कुठेही रडगाणं नाही, घरखर्चाची बोलणी आहेत. तिघे पॅरिसला जातात ते तरी कशाला? सईदचे कुणाकडे तरी अडकलेले पैसे वसूल करायला. मग शेवटची गाडी चुकते, आणि ज्या शहराच्या नावाने ते ओळखले जातात त्याच शहरात ते रात्रभर उपरे ठरतात.

चित्रपटामागची घटनाही सांगतो. एप्रिल १९९३ मध्ये पॅरिसच्या अठराव्या विभागातल्या पोलीस ठाण्यात माकोमे म'बोवोले या १७ वर्षांच्या मुलाला चौकशी चालू असताना अधिकाऱ्याची गोळी लागली आणि तो मेला. त्याच दिवशी लिहायला बसलो, असं कासोवित्झ यांनी सांगितलं आहे. चित्रपटाला कान चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं, आणि पंतप्रधान आलँ ज्युपे यांनी मंत्र्यांसाठी त्याचा खास खेळ ठेवला. मंत्र्यांनी बघितला, पुढे काय झालं ते २००५ ने दाखवलं. त्या वर्षी २७ ऑक्टोबरला क्लिशी-सू-ब्वा इथे पोलिसांना चुकवण्यासाठी वीज उपकेंद्रात शिरलेली झियेद बेना आणि बूना त्राओरे ही दोन मुलं विजेच्या धक्क्याने गेली. तीन आठवडे देशभर गाड्या जळत होत्या. सरकारने आणीबाणी लावली ती अल्जीरिया युद्धाच्या काळातल्या, १९५५ च्या कायद्याखाली. दहा वर्षांनी खटल्यातले दोन्ही पोलीस निर्दोष सुटले. आणि ही क्लिशी पॅरिसपासून फक्त १५ किलोमीटरवर आहे. शेजारच्या माँफेर्मेपर्यंत ट्राम पोहोचायला २०१९ चा डिसेंबर उजाडावा लागला. काम नाही हे खरंच, पण काम असेल तिथे पोहोचायला गाडीही नव्हती.

आता झाक ओदियार यांचा 'अ प्रॉफेट' (२००९). मला विचाराल तर तुमच्यासाठी सगळ्यात महत्त्वाचा हाच, आणि दोनदा बघा. दुसऱ्यांदा आवाज बंद करून. १९ वर्षांचा मालिक सहा वर्षांची शिक्षा घेऊन तुरुंगात येतो. लिहिता-वाचता येत नाही, आगा-पिछा कुणी नाही, अरबांत गणना होते पण त्यांच्यातही तो नाही. तुरुंगावर कॉर्सिकन, म्हणजे फ्रान्सच्या कॉर्सिका बेटावरच्या टोळीची सत्ता. तिचा म्होरक्या सेझार (नील्स आरेस्त्रुप) त्याला सांगतो: अमुक माणसाला मार, नाहीतर तू मर. मग येतो तो शिकवणीचा भाग. दाढीचं पातं गालाच्या आत कसं लपवायचं, बोलता कसं यायला हवं, जिभेने ते बाहेर कसं ढकलायचं. मालिक आरशासमोर सराव करतो, तोंडातून रक्त येतं, पुन्हा करतो. ताहार रहीमच्या चेहऱ्यावर तिथे ना सूड आहे ना थरार. पहिल्या नोकरीच्या पहिल्या दिवशी पोरगं जसं घाबरलेलं असतं तसं आहे. खून प्रत्यक्ष होतो तेव्हा तो गचाळ होतो, शिकवल्यासारखा होत नाही. नवशिक्याचं काम असंच असतं.

पुढे तो कॉर्सिकनांना कॉफी देणारा पोऱ्या बनतो, शिवणकामाच्या विभागात बसतो, तुरुंगाच्या शाळेत अक्षरं गिरवतो, आणि कान उघडे ठेवून ठेवून कॉर्सिकन भाषा शिकतो. कुणालाही पत्ता न लागता. या चित्रपटात तुरुंग म्हणजे शाळाही आहे आणि कारखानाही, आणि मालिक दोन्हीकडे पहिला येतो. त्याच्या प्रगतीचा आपल्याला आनंद होतो आणि त्याचीच शिसारी येते. एका दिवसाच्या रजेवर तो पहिल्यांदा विमानात बसायला जातो. विमानतळावर तपासणी करणारा हात वर करायला सांगतो, आणि मालिक हात वर करून आपसूक तोंड उघडतो, जीभ बाहेर काढतो. तुरुंगातली झडती अंगात मुरलेली. दोनच सेकंदांचं ते दृश्य, त्यावर कुणी भाष्य करत नाही. संकलिका ज्युलिएत वेलफ्लिंग यांनी ते जिथे सोडलं आहे त्या फ्रेमला मी मनातल्या मनात मुजरा केला आहे. तुमच्या पोरांच्या अंगात काय मुरलंय? डिझेल काढणाऱ्याच्या हाताचा वास, वाकून वाकून धरलेली कंबर, अंधारात गाडीचा आवाज ओळखणारे कान. वस्तीत जाल तेव्हा हे बघा. आणि हिशोब विचारा: कॅन किती लिटरचा, ड्रायव्हरचा वाटा किती, धाब्यावर कुठल्या भावाने जातं, महिन्याला वर कुणाला पोचवावं लागतं. संवाद आपोआप सुचतील, आणि निम्मे काढूनही टाकावेसे वाटतील.

पोलिसांचं काय? तुमच्या दुसऱ्या दृश्यातला हवालदार शुद्ध खलनायक आहे. त्याच्यासाठी बर्त्राँ ताव्हेर्निए यांचा 'एल ६२७' (१९९२) बघा. पटकथेत त्यांचे भागीदार होते मिशेल आलेक्साँद्र, अमली पदार्थविरोधी पथकात काम केलेले पोलीस. नाव आलंय ते सार्वजनिक आरोग्य संहितेतल्या कलमावरून. ल्युल्यू नावाचा अधिकारी फुटकळ पत्र्याच्या खोल्यांतल्या कचेरीत बसतो. वरच्या खर्चासाठी लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करतो. साहित्य धड नाही, कागदपत्रांत दिवस जातो, वरिष्ठांना अटकांचा आकडा हवा. पाळत ठेवायच्या बंद गाडीत, जिला ते आपसात पाणबुडी म्हणतात, तासन्तास घामाने भिजत बसायचं. या पोलिसांत विनोदी आहेत, वंशद्वेष्टे आहेत, आळशी आहेत, एखादा जीव तोडून काम करणाराही आहे. ताव्हेर्निए कुणालाही माफ करत नाहीत आणि न्यायाधीशही होत नाहीत. ल्युल्यू ज्या खबऱ्यांच्या जिवावर काम करतो ते स्वतःच व्यसनात बुडालेले, आणि हा त्यांना वापरतो की सांभाळतो हे त्यालाही सांगता येणार नाही. मोरिस पियाला यांचा 'पोलीस' (१९८५) त्याआधी बघितलात तर बरं. चौकशीच्या खोलीतली ती दमणूक, आरडाओरडा आणि मध्येच फुटणारं हसू पुढे बऱ्याच जणांनी उचललं. प्रेमप्रकरणाकडे वळल्यावर तो मला तितका पकडून ठेवत नाही.

लाज ली यांचा 'ले मिझेराब्ल' (२०१९) ही त्या पोलिसी गाडीची पुढची फेरी. माँफेर्मेच्या ले बोस्के वसाहतीत गस्त घालणारे तिघे साध्या वेशातले पोलीस, त्यांतला एक नवा. सर्कशीतून चोरलेला सिंहाचा बछडा, त्यावरून पेटलेलं भांडण, जवळून झाडलेली रबरी गोळी आणि हे सगळं वरून टिपणारा एका पोराचा ड्रोन. नाव व्हिक्टर ह्युगोंच्या कादंबरीचं, कारण तिच्यातल्या गोष्टीचा काही भाग याच गावात घडतो. चित्रपट जवळपास पूर्णपणे पोलिसांच्या गाडीत बसून बघितलेला आहे, आणि तो बनवणारा माणूस त्या गाडीने वर्षानुवर्षं अडवलेल्यांपैकी. मला हा धाडसी निर्णय वाटतो. शेवटच्या वीसेक मिनिटांत, जिन्यात, संकलन आणि ध्वनी यांनी जो गळा आवळला आहे तो अनुभवण्यासाठी मोठा पडदा मिळाला तर सोडू नका.

या सगळ्या परंपरेची एक लंगडी बाजू आहे: बायका. आया, प्रेयसी, खबरी, किंवा प्रेत. आन्येस व्हार्दा यांचा 'साँ त्वा नी ल्वा' (१९८५) गुन्हेपट म्हणावा की नाही यावर वाद घाला, पण सुरुवात खंदकात सापडलेल्या प्रेतानेच होते. मोना नावाची भटकी मुलगी थंडीने मेली आहे, आणि तिला भेटलेले लोक एकेक करून तिच्याबद्दल सांगतात. साँद्रीन बोनेरची मोना घाण आहे, उद्धट आहे, आभार मानत नाही. व्हार्दा तिला आवडण्याजोगी करायला ठाम नकार देतात. ती चालते तेव्हा कॅमेरा उजवीकडून डावीकडे सरकतो, आपल्या वाचनाच्या दिशेविरुद्ध. मोना कामाला सरळ नाही म्हणते. माझ्या सिद्धांताला बसणारा हा सगळ्यात कडक तडाखा, म्हणूनही यादीत ठेवतो. तुमच्या पटकथेतली एकमेव स्त्री चहा देऊन आत जाते. ती डिझेलच्या पैशांचं काय करते, तेवढं तरी लिहा.

नावाजलेल्या चित्रपटांना जिथे भोक पडतं तेही बघा. ओदियार यांच्याच 'दीपन' (२०१५) या चित्रपटाला सुवर्णताड, म्हणजे कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. श्रीलंकेहून आलेलं बनावट तमिळ कुटुंब पॅरिसबाहेरच्या वसाहतीत राहतं. नायकाच्या भूमिकेतले अँथनीदासन जेसुदासन स्वतः किशोरवयात तमिळ वाघांच्या (एलटीटीई) संघटनेत होते आणि पुढे लेखक झाले. बायकोच्या भूमिकेतल्या कालीश्वरी श्रीनिवासन चेन्नईच्या रंगभूमीवरच्या. जोवर तो माणूस इमारतीचा रखवालदार म्हणून जिने झाडतो, डाक वाटतो, बिघडलेलं दुरुस्त करतो, तोवर चित्रपट अस्सल आहे. शेवटी तो हत्यार उचलून एकटा टोळीवर चालून जातो आणि मग इंग्लंडमधलं हिरवंगार अंगण येतं, तिथे माझा विश्वास उडाला. काम संपलं की हिरो सुरू होतो, याचा इतका स्वच्छ नमुना शोधून मिळणार नाही.

असे चित्रपट तिथे बनतात यामागे नुसती प्रतिभा नाही. फ्रान्समध्ये प्रत्येक तिकिटातले १०.७२ टक्के राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे जातात आणि तो पैसा पुन्हा चित्रपटांतच येतो. १९५९ पासून पटकथा वाचून आगाऊ रक्कम देणारी समितीही आहे. चार मिनिटं जमीन फोडायला परवानगी देणारा निर्माता तुम्हाला इथे अशा यंत्रणेतून मिळणार नाही. म्हणून लिहितानाच स्वस्त ठेवा: थोड्या जागा, थोडी माणसं, भरपूर वेळ.

राहिला हक्काचा प्रश्न. आतला माणूस लिहितो म्हणून ते खरं आणि चांगलं, असं समीकरण मांडू नका. 'ल त्रू'चा लेखक जोव्हानी अगदी आतला होता, पण त्याच्या नावावर खुनांच्या प्रकरणात मृत्युदंड लागला होता (ती शिक्षा पुढे कमी करण्यात आली), आणि युद्धकाळात त्याने नाझींशी हातमिळवणी केली होती हे १९९३ मध्ये उघड झालं. कैद्यांमधल्या निष्ठेबद्दल त्याने जे लिहिलं ते वाचताना हे माहीत असलेलं बरं. कासोवित्झ उलट बाहेरचे, चित्रपटवाल्या घरातले. चित्रीकरणाआधी ते आणि तिघे नट काही महिने त्या वसाहतीत जाऊन राहिले, तरी तिथल्या काहींना आपला वापर झाल्यासारखं वाटलंच. लाज ली यांनी वस्तीत वाढून, वर्षानुवर्षं पोलिसांच्या कारवाया स्वतःच्या कॅमेऱ्यात टिपून मग कथापट केला, आणि २०१८ मध्ये तिथे मोफत चित्रपटशाळाही उघडली.

तुमच्या परिस्थितीला जवळचा रस्ता मला बोरिस लोज्किन यांचा वाटतो. 'सुलेमानची गोष्ट' (२०२४) हा त्यांचा चित्रपट यादीत शेवटून दुसरा ठेवा, मेल्विलच्या आधी. गिनीहून आलेला सुलेमान पॅरिसमध्ये सायकलवरून जेवण पोचवतो. कागदपत्रं नाहीत म्हणून दुसऱ्याच्या नावचं खातं भाड्याने घेतलेलं, आणि तो खातेवाला कमाईतला मोठा वाटा उचलतो. ॲप मध्येच चेहरा तपासतं, तेव्हा मूळ खातेवाल्याला शहरभर शोधत पळायचं. रात्रीच्या निवाऱ्याची जागा सकाळी फोन करून धरायची, शेवटची बस चुकली की रस्त्यावर. दोन दिवसांनी आश्रयासाठीची सरकारी मुलाखत आहे, आणि तिथे सांगायची छळाची कहाणी तो पैसे देऊन विकत घेतो, पाठ करतो. भाडं, वाटा, दंड, पाठांतराची फी: अख्खी पटकथा हिशोबाच्या वहीवर उभी आहे. मुलाखतीच्या त्या लांब दृश्यात समोरची बाई अधिकारी सौम्य आहे, तिला खोटं कळतं, आणि तरी तिला तिचं काम करायचं आहे.

भूमिका करणारे आबू सांगारे नट नव्हते. आमियाँ शहरात राहणारे मेकॅनिक, स्वतः कागदपत्रांविना. कान महोत्सवात त्यांना 'अँ सर्तँ रगार' विभागात अभिनयाचं पारितोषिक मिळालं तेव्हाही त्यांच्याकडे राहण्याचा परवाना नव्हता. अर्ज आधी फेटाळले गेले होते. २०२५ च्या सुरुवातीला एका वर्षाचा परवाना मिळाला. तुम्ही पोरांना चित्रपटात घेणार असाल तर हे आजच ठरवून ठेवा: ज्याचं तोंड पडद्यावर दिसणार त्याच्यावर उद्या गुन्हा दाखल झाला तर वकिलाचे पैसे कोण भरणार. चित्रीकरणाच्या अंदाजपत्रकात त्यासाठी वेगळी ओळ घाला, आणि निर्मात्याची त्यावर सही घ्या.